खोक्यातला कागद

२ फेब्रुवारी

भाऊजी,

वर काय लिहावं यात दोन कागद वाया गेले. आशीर्वाद लिहायचा हक्क उरलाय की नाही ठाऊक नाही, म्हणून नुसतं भाऊजी. तुम्ही अकरा वर्षांचे होतात, गुडघे फुटलेले, तेव्हापासून मी तुम्हाला हेच म्हणतेय आणि अहोजाहो करतेय. तेव्हा तुम्ही मागे वळून बघायचात, दुसरं कुणी मोठं माणूस उभं आहे की काय म्हणून.

तुमचे दादा गेले ते तुम्हाला कळलंय. काचेच्या दुकानाचा ड्रायव्हर तुमच्या घरी येऊन गेला, आणि तुम्ही 'बरं' म्हणालात, असं त्याने मला सांगितलं. त्यावर मी काही म्हणणार नाही.

कसे गेले ते मात्र तुम्हाला माहीत असावं. सकाळी पुढच्या खोलीत जमिनीवर बसून एका खिडकीच्या चौकटीत काचेच्या कडेने लांबी भरत होते. मी आतून विचारलं, "चहा टाकू का?" उत्तर आलं नाही. मला वाटलं, तोंडात खिळा असेल. हृदय बंद पडलं, डॉक्टर म्हणाले. मुठीत लांबीचा गोळा होता. मी तो सोडवून घेतला तेव्हा मऊच होता.

पत्र लिहायचं कारण, यांची काच कापायची हिरकणी. लाकडी मुठीची, तुमच्या वडिलांच्या हातची. ती तुमच्याकडे जावी असं मला वाटतं. पत्ता बरोबर असेल तर पाठवते.

झाल्या गोष्टी काढत नाही. एवढंच लिहिते की त्या सहा महिन्यांत यांचं डोकं ठिकाणावर नव्हतं. आजारी होते. त्याहून जास्त लिहिण्यासारखं काही नाही.

वहिनी

२६ फेब्रुवारी

भाऊजी,

तुमचं पत्र आलं. चार ओळींचं आहे, पण मी ते इतक्यांदा वाचलं की पाठ झालं. "हिरकणी पाठवू नका. उजव्या हाताची दोन बोटं वळत नाहीत, मी काय कापू? तुम्ही एकट्या राहू नका. इकडे या, मागची खोली रिकामी आहे. मुलगी विचारते, आजी कधी येणार. फक्त त्याच्याबद्दल या घरात बोलायचं नाही."

तुम्हाला मुलगी आहे हे मला आत्ता कळलं. सहा वर्षांची. मला मूल झालं नाही आणि तुम्ही होतात म्हणून ते फारसं जाणवलंही नाही. नात्याने मी काकू, पण आता कुणीतरी मला आजी म्हणणार, हे वाचून मी सरळ कपाटावरची बॅग खाली काढली. खोटं कशाला सांगू? पुसून ठेवलीय. दोन साड्या भरल्यासुद्धा.

आणि मग तुमची शेवटची ओळ परत वाचली.

भाऊजी, ज्या घरात यांचं नाव घ्यायचं नाही तिथे मी राहू शकेन. गप्प बसायची मला सवय आहे. ती सवय कुठून आली ते लिहिण्यासाठी थोडा दम धरते. आधी दुसरं लिहिते.

मी त्या दिवशी तिथे नव्हते असं तुम्ही समजता. मी होते. छापखान्यातून लवकर सुटले होते आणि समोरच्या फूटपाथवर, चपलांच्या दुकानापाशी उभी होते. तुम्ही दोघं मोठी काच घेऊन येत होतात. तुमची ती चाल मला बघायला फार आवडायची. हे पुढे, तुम्ही मागे. मागच्याने रस्ता बघायचा नाही, फक्त पुढच्याचा आवाज ऐकायचा. "पायरी." "डावी." "थांब." दोघांची पावलं एकदम पडायची. म्हणून तर हे तुम्हाला शेपूट म्हणायचे. "शेपूट कुठंय? शेपटाशिवाय काच उचलत नाही मी."

त्या दिवशी यांचा आवाज आधी चढला. तुम्ही मुद्दाम मागे ओढताय, असं काहीतरी. तुम्ही हसून म्हणालात, "दादा, मी तर ढकलतोय." साधी थट्टा. हे गर्रकन वळले. "तुला पोसला तीच चूक झाली" हे मी रस्त्याच्या पलीकडून ऐकलं. अख्ख्या रस्त्याने ऐकलं. आणि मग काचेवरचा हात सोडला, आणि काच तुमच्या मनगटावर आली.

हात निसटला असं मी आठ वर्षं लोकांना सांगतेय. निसटला नाही. सोडला. तुम्ही बरोबर बघितलंत.

यापुढचं तुम्हाला माहीत नाही, ते आता ऐका. त्यानंतर यांनी कुणाबरोबरही काच धरली नाही. दुकान सुटलं. चौकटी घरी आणून लांबी भरायला लागले, एकट्याने होईल तेवढंच. आपल्या स्वयंपाकघराच्या खिडकीची काच तडकली होती, तिच्या मापाची नवी काच यांनी कापली, पण बसवायला दुसरा माणूस लागतो. मी म्हटलं, "मी धरते एक बाजू." तर म्हणाले, "नको. माझ्याबरोबर काच कुणी धरायची नाही." ती काच सात वर्षं कपाटामागे कागदात गुंडाळून उभी आहे. खिडकीला पुठ्ठा आहे.

तुमच्याकडे यायचं म्हणून हे तीनदा घरातून निघाले. तिन्ही वेळा बसस्टॉपवरून परत आले. तिसऱ्यांदा मी चिडले. "अहो, भाऊ आहे तुमचा, खाणार आहे का तुम्हाला?" तर म्हणाले, "मी त्याला खाईन याची भीती वाटते. मी कधी काय करीन याची मला खात्री उरली नाही."

त्यांना ती खात्री देणं माझ्या हातात होतं. आज इथेच थांबते.

वहिनी

१५ मार्च

भाऊजी,

तुम्ही लिहिलंत, "यायची तारीख कळवा, बाकीचं राहू द्या." बाकीचं राहू दिलं तर मी येऊ शकत नाही. हे पत्र वाचल्यावर तुम्ही बोलावणं मागे घेतलंत तर मी समजेन. तुमच्या मुलीला काय सांगायचं ते तुम्ही ठरवा.

तुम्हाला आठवतं का, यांना फिट यायला लागल्या ते? पहिली घरात आली. दुसरी दुकानात, शिडीवर असताना. खाली काचा उभ्या होत्या, तुम्ही धावत जाऊन यांना अंगावर झेललंत. मालक म्हणाला, आणखी एक झाली की घरी बसा. मग मोठ्या डॉक्टरांनी गोळी दिली. सकाळी एक, संध्याकाळी एक. आणि फिट थांबल्या. सहा महिन्यांत एकही नाही. तुम्ही म्हणालात, "वहिनी, आपण सुटलो."

मी छापखान्यात घडीखात्यात होते, ते तुम्हाला माहीत आहे. औषधांच्या खोक्यात घालतात त्या कागदांच्या घड्या घालायच्या. घडी घालणाऱ्या बाईने कागद वाचायचा नसतो, छपाई उलटी नाही ना एवढंच बघायचं असतं. मी मात्र वाचायचे. शाळा चौथीपर्यंत, पुढचं सगळं शिक्षण त्या कागदांवर. मुकादमबाई ओरडायच्या, "घाल की घडी! परीक्षेला बसायचंय का तुला?" घरी कुठलंही औषध आलं की आधी मी खोक्यातला कागद काढून उलगडायचे. घडी सरळ आहे का बघायचे, मग वाचायचे, आणि मग लपवायचे. कारण हे असले कागद वाचले की यांना त्यातलं सगळं व्हायला लागायचं. एकदा माझ्या गोळ्यांचा कागद वाचून हे दोन दिवस पोट धरून बसले होते, आणि त्या गोळ्या बायकांच्या होत्या. तुम्ही तेव्हा हसून हसून जमिनीवर लोळलात.

म्हणून फिटच्या गोळीचा कागदही मी काढून घेतला. पहिल्याच दिवशी. तो या पत्रासोबत आहे. मागच्या बाजूला, खालून तिसरा परिच्छेद. "चिडचिड, संताप, आक्रमक वागणं. असं आढळल्यास डॉक्टरांना ताबडतोब कळवावं." मी ते वाचलं होतं, भाऊजी. नुसतं वाचलं नव्हतं, लक्षात ठेवलं होतं.

नंतर मी वाचनालयातून पुस्तकं आणून समजून घेतलं ते सांगते. मेंदूतल्या दोन पेशींच्या मध्ये एक बारीक फट असते. एक पेशी दुसरीला निरोप देते तो एखादं रसायन त्या फटीत सोडून. ते रसायन आधी इवल्या पिशव्यांत भरून तयार असतं. फिट येते तेव्हा हद्दीबाहेर निरोप सुटतात, बाजारात सगळे एकदम ओरडायला लागावेत तसे. ही गोळी त्या पिशव्यांच्या अंगावर जाऊन बसते आणि निरोप सुटण्याला आळा घालते. नेमकं कसं, ते पूर्ण कळलेलं नाही, असं पुस्तकातच लिहिलंय. बहुतेकांना ही गोळी चांगली लागू पडते. कित्येक घरं तिच्यावर उभी आहेत. काहींचा मात्र स्वभाव फिरतो. कुणाचा फिरेल ते आधी सांगता येत नाही, पण फिरला तर घरातल्यांना दिसतो. म्हणूनच तो कागद खोक्यात घालतात.

मला दिसला. तिसऱ्या आठवड्यात. हे काम करताना गुणगुणायचे ते बंद झालं. एकदा झाकण लागत नाही म्हणून डबा भिंतीवर फेकला. एकदा मला म्हणाले, "तू माझ्याकडे बघत जाऊ नकोस." हे पुढच्या खोलीत असले की मी आधी त्यांच्या पावलांचा आवाज ऐकायचे आणि मग आत जायचं की नाही ते ठरवायचे. तुम्हीही एकदा विचारलंत, "दादाला झालंय काय?" मी म्हटलं, "दमतात हो."

तीन महिन्यांनी डॉक्टरांकडे गेलो. हे बाहेर बसले आणि डॉक्टरांनी मला आत बोलावलं, मुद्दाम. विचारलं, "बाई, घरी चिडचिड वाढलीय का यांची? रागावतात का?"

मी म्हटलं, "नाही हो. सगळं ठीक आहे."

त्यांनी पुन्हा विचारलं, "नक्की?"

"थोडे तापट आहेत, पण ते पहिल्यापासूनच."

पहिल्यापासून! ज्या माणसाने सतरा वर्षांत माझ्यावर आवाज चढवला नव्हता, त्याच्याबद्दल. मला वाटलं, खरं सांगितलं तर गोळी बंद करतील, फिट परत येतील, दुकान जाईल, काचांवर पडून जीव जाईल. राग मी सहन करू शकते, असा हिशेब केला. तो राग तुमच्या मनगटावर जाऊन पडेल हे त्या हिशेबात नव्हतं.

तुमच्या हाताचं ऑपरेशन चाललं होतं त्या दुपारी मी एकटी त्या डॉक्टरांकडे गेले आणि सगळं सांगितलं. त्यांनी यांचे जुने कागद काढून बघितले. मग म्हणाले, "हे तुम्ही आधी सांगायला हवं होतं." आणि गोळी हळूहळू बदलली. महिन्याभरात हे परत पहिल्यासारखे झाले. एके सकाळी गुणगुणले. ते ऐकून मी मोरीत जाऊन रडले. तोवर तुम्ही गाव सोडून गेला होतात.

नव्या गोळीवर वर्षाकाठी एखादी फिट यायची. दुकान गेलंच. ज्याला मी इतकी घाबरले होते ते झालं, आणि आम्ही जगलो. काही झालं नाही.

यांना मी सांगितलं, "नवीन गोळी आलीय बाजारात, म्हणून बदलली." बस, तेवढंच. जुन्या गोळीचं सांगितलं असतं तर त्यांनी विचारलं असतं, तुला कधी कळलं? त्या एका 'कधी'ला मी आठ वर्षं घाबरले. त्यांना सगळं आठवत होतं, शब्दन्‌शब्द. ते आपल्याच अंतःकरणातून आले असं समजून हा माणूस जगला, आणि तसंच समजून गेला.

तुमचा दादा तुम्हाला परत मिळावा म्हणून हे लिहितेय. त्यातला किती राग गोळीचा आणि किती त्यांचा, हे मोजून द्यायला कुठलं यंत्र नाही, ते मी मान्य करते. पण माझं गप्प बसणं सगळं माझंच होतं. त्याला कुठलीही गोळी नव्हती.

वहिनी

७ एप्रिल

भाऊजी,

उत्तर नाही. मागायला लिहीत नाही.

बॅगेतल्या साड्या परत कपाटात ठेवल्या. कपाट थोडं सरकवून मागची काच पुसली. वरचा कागद पिवळा पडलाय. यांनी कोपऱ्यात पेन्सिलीने माप लिहिलंय आणि त्याखाली 'दोघांनी' असं लिहिलंय. स्वतःलाच आठवण म्हणून लिहिलं असावं.

एक चुकीचं लिहिलं होतं, ते सुधारते. मागच्या पत्रात लिहिलं की काही झालं नाही, आम्ही जगलो. मी जगले. हे लांबी भरत होते.

वहिनी

२२ एप्रिल

भाऊजी,

लिफाफा आला. आत पत्र नव्हतं, तो कागदच होता. उलगडायच्या आधी मी तो हातात धरून बघितला. तीस वर्षं घड्या घातल्यात, घडी बघून घालणारा कळतो. एकदा पूर्ण उघडलेला असला कागद पहिल्या घडीत परत बसत नाही, कुणाच्याच हातून. तुमचा तर फारच वाकडा बसलाय. चार-पाच वेळा तरी उघडलेला आहे. आणि घड्या डाव्या अंगठ्याने दाबलेल्या आहेत.

खालून तिसऱ्या परिच्छेदाशेजारी, समासात, तुम्ही एकच ओळ लिहिलीय. "दादानं तुम्हाला कधी विचारलं होतं का?"

पहिल्या पत्रात तुम्ही 'त्याच्याबद्दल' लिहिलं होतंत. आता 'दादानं' लिहिलंय. माझं काम तेवढ्यात झालं. पण तुम्ही विचारलंत, तर उत्तर देते. मार्चच्या पत्रात सगळं सांगितलं असं मी लिहिलं नव्हतं, हे तुमच्या लक्षात आलं असणार. तुम्ही लहानपणीही असेच होतात, डबा रिकामा केला तरी तळाशी बोट फिरवून बघायचात.

हो. विचारलं होतं. एकदा.

तुम्ही गेल्याला दुसरं वर्ष. दुपारची वेळ. मी पलंगावर कपड्यांच्या घड्या घालत होते, हे खाली चौकट घेऊन बसले होते. हातातलं काम थांबवून म्हणाले, "एक विचारू? खरं सांगशील?"

"विचारा की."

"हे माझ्यात आधीपासून होतं का गं? तुला दिसलं होतं का कधी?"

माझ्या हातात त्यांचाच सदरा होता. मला एवढंच म्हणायचं होतं की नाही, नव्हतं, ती गोळी होती. शब्द ओठांवर आले होते. आणि मी म्हटलं, "असेल."

त्यांनी मान हलवली. "हां. असेल," म्हणाले, आणि परत लांबी भरायला लागले. पुन्हा कधी विचारलं नाही.

भाऊजी, मी बऱ्याच गोष्टी लपवल्या, पण ते लपवणं होतं. हा एक शब्द मी त्यांच्या हातात दिला. तो मला परत घेता येत नाही, कारण ज्याला दिला तो माणूस नाही. म्हणून त्यांच्या जागी तुम्हाला सांगते. नव्हतं. सतरा वर्षं मी त्या माणसाच्या शेजारी झोपले, जेवले, भांडले. भांडण झालं की हे बाहेर जाऊन पायरीवर बसायचे आणि थोड्या वेळाने दारातून डोकं आत घालून विचारायचे, "संपलं का तुझं?" असा माणूस होता. ते त्याच्यात नव्हतं. मी बघितलं होतं आणि मला माहीत होतं.

क्षमा मागत नाही. तुमच्या हाताची मागायला हवी, पण कागदावर ती मागून टाकली तर मला फार सोपं होईल.

आणि तुमच्याकडे राहायला येत नाही. तुमच्या मागच्या खोलीसाठी नाही म्हणत नाहीय. पण आधी इथली एक गोष्ट व्हायची आहे. स्वयंपाकघराच्या खिडकीला अजून पुठ्ठा आहे. काच कपाटामागे आहे, माझ्या खांद्याएवढी उंच. चौकट स्वच्छ करून ठेवलीय. लांबीही मी मळायला शिकले, फार अवघड नाही. हिरकणी लागणार नाही, यांनी माप बरोबर घेतलेलं आहे.

काच कपाटापासून खिडकीपर्यंत न्यायची, एवढंच. अकरा पावलं आहेत, मध्ये एक उंबरा. तुमचा डावा हात, उजव्याची तीन बोटं आणि माझे दोन हात, पुरेल. जमेल तेव्हा या, नाही जमलं तर कळवू नका, मी पुठ्ठ्याला सरावले आहे.

आलात तर पुढे तुम्ही राहा. मागची बाजू मी धरते. मी रस्ता बघणार नाही. तुम्ही "पायरी" म्हणालात की पाय उचलेन, "थांब" म्हणालात की थांबेन.

वहिनी